रेघ चुकली तर : नक्षीविद्येच्या कथांविषयी

महाभारताच्या आदिपर्वात उत्तंकाची गोष्ट येते. गुरुपत्नीसाठी मागून आणलेली कुंडले तक्षकाने पळवली, म्हणून हा शिष्य त्याच्या मागोमाग नागलोकात उतरतो. तिथे त्याला दोन स्त्रिया मागावर वस्त्र विणताना दिसतात. धागे दोनच रंगांचे, काळे आणि पांढरे. जवळच बारा आऱ्यांचे एक चक्र सहा कुमार फिरवीत असतात. उत्तंकाला यातले काही उमगत नाही. कुंडले पोचती करून तो गुरूकडे येतो, तेव्हा गुरू उलगडा करतात : त्या स्त्रिया म्हणजे धाता आणि विधाता, ते धागे म्हणजे रात्र आणि दिवस, चक्र म्हणजे संवत्सर आणि कुमार म्हणजे सहा ऋतू.

मोजक्या श्लोकांत हा प्रसंग संपतो आणि कथा जनमेजयाच्या सर्पसत्राकडे वळते. पण एक गोष्ट सांगून जाते. दिवस-रात्र आपोआप होत नाहीत, कोणीतरी बसून ते विणत असते. उत्तंक त्या मागाजवळून गेला. त्याने धाग्याला हात लावला नाही. एखाद्या माणसाने तो लावला तर काय होईल, असा प्रश्न त्या कथेला पडलेला नाही. तो पुढे जगभरच्या कथाकारांना पडला आणि या पुस्तकातले सगळे लेख त्याच प्रश्नाभोवती फिरतात. विणून, रेखून किंवा आखलेल्या वाटेवरून चालून माणूस जग बदलू शकतो, असे मानणाऱ्या या कथा आहेत. त्यांतल्या विद्येला मी सोयीसाठी नक्षीविद्या म्हटले आहे.

आपल्या ओळखीची बहुतेक जादू शब्दांची आहे. ऋषी शाप देतात, देव तथास्तु म्हणतात, अलीबाबा 'तिळा तिळा दार उघड' म्हणतो आणि दगड सरकतो. शब्दाची जादू क्षणात होते. बोलणारा बाजूला उभा राहून बोलतो आणि बोललेले परत घेता येत नाही, म्हणून तर प्रत्येक शापाला उःशाप जोडावा लागतो. नक्षीचे तसे नाही. तिला वेळ लागतो. तिला सुरुवात असते, मध्य असतो, शेवट असतो, आणि मध्यावर असताना ती अर्धवट असते, म्हणजे धोकादायक असते. ती हाताने करावी लागते, त्यामुळे हात किती तयार आहे ते लपत नाही. दुसरा कोणी शेजारी बसून ती पाहू शकतो, शिकू शकतो, चोरू शकतो. आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे ती उसवता येते. ज्या विद्येत उसवण्याची सोय आहे, तिच्यात पश्चात्तापालाही जागा आहे. मला या कथांचे वेड लागले ते यामुळे.

विणकामाच्या जादूचे सर्वांत भीषण चित्र आइसलँडच्या जुन्या गद्यकथांपैकी न्यालच्या सागामध्ये आहे. इ. स. 1014 मध्ये आयर्लंडात क्लोन्टार्फची लढाई झाली. त्या दिवशी स्कॉटलंडच्या उत्तर टोकाला, केथनेसमध्ये, एक माणूस बारा स्वार एका दालनाकडे जाताना पाहतो. खिडकीतून डोकावतो तर आत बायका माग लावून बसलेल्या. ताणा-बाणा माणसांच्या आतड्यांचा, धागे ताणून धरायला वजने म्हणून माणसांची मुंडकी, धोट्याच्या जागी बाण, वीण ठोकायला तलवार. विणता विणता त्या गातात आणि लढाईत कोण मरणार ते ठरवतात. काम संपल्यावर कापड फाडून प्रत्येकजण आपला तुकडा घेते, सहाजणी दक्षिणेकडे जातात आणि सहाजणी उत्तरेकडे. या बायका लढाईचे भविष्य सांगत नाहीत. समुद्रापलीकडे जे घडते आहे ते त्यांच्या हाताखाली घडते आहे. लढाई आणि कापड एकच आहे, एवढेच तो सागाकार दाखवतो आणि पुढे निघतो. पुढच्या सगळ्या नक्षीविद्येचे बीज मला या दालनात दिसते.

आता रेघेकडे येऊ. गटेच्या 'फाउस्ट'चा पहिला भाग 1808 मध्ये प्रसिद्ध झाला. त्यातला अभ्यासिकेतला प्रवेश मी अनेकदा वाचतो. काळ्या कुत्र्याच्या रूपात आत आलेला मेफिस्टो आपले खरे रूप दाखवतो, बोलणे होते आणि मग तो जायला निघतो. पण जाता येत नाही. उंबरठ्यावर पाच टोकांची तारका काढलेली आहे. मग आत आलास कसा, असे फाउस्ट विचारतो. उत्तर फार नेमके आहे : तारकेचा बाहेरच्या बाजूचा कोन नीट मिटलेला नाही. रेघांमध्ये किंचित फट राहिली, त्या फटीतून सैतान घरात शिरला. पण आतल्या बाजूचे कोन पक्के आहेत आणि भुताखेतांना ज्या वाटेने आले त्याच वाटेने बाहेर पडावे लागते, हा त्यांचा कायदा. शेवटी तो आपल्या हाताखालच्या भुतांकरवी फाउस्टला गाऊन झोपवतो आणि उंदराला बोलावून तो कोन कुरतडून घेतो. जगातल्या सर्वांत प्रसिद्ध कराराला सुरुवात झाली ती कोणाच्या तरी हलगर्जी रेघेमुळे, हे माझ्या मनातून जात नाही.

मराठी वाचकाला इथे अभिमन्यू आठवणारच. द्रोणांनी तेराव्या दिवशी रचलेला चक्रव्यूह ही माणसांनीच आखलेली नक्षी आहे. तिच्यात शिरण्याची रीत अभिमन्यूला ठाऊक होती, बाहेर पडण्याची नव्हती. जयद्रथाने तोंडाशी पांडवांना अडवले आणि फट मिटली. मेफिस्टो अर्धवट नक्षीमुळे अडकतो, अभिमन्यू अर्धवट ज्ञानामुळे. दोघांच्याही बाबतीत नक्षी कोणाची बाजू घेत नाही. जी रेघ जिथे आहे तिथे ती काम करते, हेतू चांगला असो वा वाईट. श्रीयंत्र हाताने आखून पाहिलेल्यांना हे कळेल. एकमेकांत गुंतलेले नऊ त्रिकोण, त्यांच्यातून तयार होणारे त्रेचाळीस लहान त्रिकोण, आणि जिथे तीन रेघा मिळायच्या तिथे त्या एकाच बिंदूत मिळाल्या पाहिजेत. एक जुळवायला जावे तर दुसरी सरकते. भक्ती कितीही असली तरी पट्टी आणि कर्कटक यांच्याशी प्रामाणिक राहावेच लागते.

या विद्येवरची माझ्या मते सर्वश्रेष्ठ कादंबरी मुलांसाठी म्हणून प्रसिद्ध झाली आणि त्यामुळे मोठ्यांच्या नजरेतून सुटली. डायना विन जोन्स या ब्रिटिश लेखिकेची 'द स्पेलकोट्स' 1979 सालची. तिच्या डेलमार्क मालिकेतले हे तिसरे पुस्तक, पण कथेचा काळ बाकीच्यांच्या कितीतरी आधीचा. त्यामुळे ते सुटे वाचले तरी चालते. तानाकी नावाची मुलगी आपल्या भावंडांसह नदीकाठच्या गावात राहते. बाप लढाईवर जातो आणि परत येत नाही. मोठा भाऊ गल परततो तो मनाने उद्ध्वस्त होऊन. या मुलांचे रूप शत्रूच्या लोकांसारखे आहे, म्हणून गावकरी त्यांच्यावर उलटतात आणि मुले पुराने फुगलेल्या नदीत होडी सोडून पळतात. घरातले देव बरोबर घेतात. पुढे नदीच्या तोंडाशी त्यांची गाठ कांक्रेडिन या मांत्रिकाशी पडते. मेलेल्यांचे आत्मे नदीतून समुद्राकडे वाहत जातात आणि त्यांना पकडायला त्याने मुखाशी जाळे लावले आहे.

इथवर ही साहसकथा आहे. तिची खरी ताकद आहे ती सांगण्याच्या पद्धतीत. तानाकी ही गोष्ट लिहीत नाही, विणते आहे. तिच्या लोकांत अंगरख्याच्या विणीत शब्द गुंफण्याची रीत आहे, आणि आपण जी कादंबरी वाचतो ती म्हणजे असे दोन अंगरखे. कांक्रेडिनच्या झग्यावरही शब्द विणलेले आहेत आणि त्याचे बळ त्या शब्दांत आहे. इतरांना तिथे नुसता झगा दिसतो. तानाकी विणकर आहे म्हणून ती तो वाचू शकते. मांत्रिकाचा सगळा दबदबा एका मुलीच्या कसबी नजरेपुढे उघडा पडतो, तो प्रसंग मला या साहित्यातला एक उत्तम प्रसंग वाटतो.

पहिला अंगरखा विणताना तानाकीला आपण काय करतो आहोत हे माहीत नसते. घडले ते नोंदवावे, एवढाच तिचा हेतू. विणता विणता तिला आधी न कळलेल्या गोष्टी कळत जातात : कोण काय बोलले होते, त्याचा खरा अर्थ काय, घरातला देव कोण आहे, नदी कोण आहे. दुसऱ्या अंगरख्यापर्यंत येताना तिला समजते की तिच्या विणीने बांधलेले सुटते. नदीचा आदिपुरुष पूर्वी एका राणीने बांधून ठेवला आहे. त्याला मोकळे करायचे तर सगळे खरे विणावे लागेल, स्वतःचा राग, हेवा, बहिणीशी वागताना झालेला दुष्टपणा यांसकट. काही गाळले तर वीण काम करणार नाही. पुस्तकाच्या शेवटी फार नंतरच्या काळातल्या एका अभ्यासकाची टीप येते. हे अंगरखे सापडले कसे आणि त्यांचा मजकूर लावला कसा, हे ती कोरडेपणाने सांगते. वाचकाचा घसा दाटलेला असताना हा पंडिती सूर ऐकणे अवघड जाते, पण काळाचे अंतर दाखवायला त्याच्याइतके परिणामकारक काही नाही.

येवल्याला पैठणीचा माग ज्यांनी पाहिला आहे, त्यांना तानाकीचा वेग कळेल. पदर भरगच्च असेल तर रंगारंगाच्या कांड्या हाताने एकेक फिरवत, प्रत्येक रंगाचा धागा शेजारच्या रंगात अडकवत पुढे जावे लागते. दिवसाकाठी कापड सरकते ते बोटांनी मोजावे इतके. आणि अस्सल हातविणीच्या पैठणीची मागची बाजूही पुढच्यासारखीच स्वच्छ दिसते, मागे सुटे धागे लोंबत नाहीत. जोन्सने पैठणी पाहिली होती का, हा प्रश्न नाही. पण जी वीण दोन्ही बाजूंनी वाचता येते, तीच सच्ची, हे तिच्या कादंबरीचे सूत्र येवल्याच्या विणकराला समजावून सांगावे लागणार नाही.

दुसरे टोक अमेरिकेत सापडते. रॉजर झेलाझनीची अँबर मालिका 1970 मध्ये 'नाइन प्रिन्सेस इन अँबर'ने सुरू झाली. अँबर हे एकच खरे नगर, बाकी सगळी जगे, आपले हे जगसुद्धा, त्याच्या सावल्या. अँबरच्या किल्ल्याच्या तळघरात जमिनीवर एक वळणावळणाची चमकती आकृती कोरलेली आहे. राजघराण्याचे रक्त अंगात असलेला माणूस तिच्यावरून चालत मध्यापर्यंत पोचला की त्याला सावल्यांमधून हवे तिथे जाण्याची शक्ती मिळते. चालणे सोपे नाही. पावलागणिक ठिणग्या उडतात, विरोध वाढत जातो, मध्ये तीन पडदे लागतात, आणि एकदा पाऊल टाकले की थांबणे किंवा बाहेर पडणे म्हणजे मरण. नायक कॉर्विन स्मृती गमावलेला आहे. तो या आकृतीवरून चालतो ती तिच्या पाण्याखालच्या प्रतिबिंबात, रेब्मा नगरात, आणि एकेका वळणावर त्याला आपण कोण होतो ते आठवत जाते. नक्षी त्याला शक्ती देण्याआधी त्याचा भूतकाळ परत देते. हा क्रम मला फार महत्त्वाचा वाटतो.

मग मालिकेच्या चौथ्या-पाचव्या भागापर्यंत उलगडते की मूळ आकृती वेगळीच आहे आणि तिच्यावर डाग पडला आहे. राजघराण्यातल्याच एकाचे रक्त सांडले की आकृतीचा तेवढा भाग पुसला जातो, आणि तिथे पडलेला खंड सगळ्या जगांमध्ये काळ्या रस्त्याच्या रूपाने दिसू लागतो. घरातल्या भावाभावांच्या वैराने विश्वाला भोक पडते. 1978 च्या 'द कोर्ट्स ऑफ केऑस'मध्ये कॉर्विन स्वतः नवी आकृती आखतो. आखताना त्याच्या मनात कोणताही वैश्विक आराखडा नसतो, जुन्या पॅरिसच्या आठवणी असतात. विश्व घडवायला बसलेल्या माणसाला आपले आवडते शहर आठवते, यावर माझा पूर्ण विश्वास बसतो.

झेलाझनीचा एक दोष मात्र सांगितला पाहिजे. त्याची नक्षी फक्त राजपुत्रांसाठी आहे. सावल्यांमधली करोडो माणसे त्या आकृतीच्या बऱ्यावाईटाने जगतात-मरतात, पण त्यांना तिच्यावर पाऊल ठेवता येत नाही आणि लेखकाला त्याचे फारसे काही वाटत नाही. आपल्याच गावाने हुसकावून लावलेल्या तानाकीची वीण म्हणूनच मला अधिक मोलाची वाटते.

रॉबर्ट जॉर्डनच्या 'व्हील ऑफ टाइम'बद्दल पुढे एक सबंध लेख आहे, म्हणून इथे थोडक्यात. 1990 मध्ये सुरू झालेली ही मालिका जॉर्डनच्या मृत्यूनंतर ब्रँडन सँडरसनने 2013 मध्ये पूर्ण केली, चौदा जाडजूड खंडांत. कालचक्र युगांचा पट विणते आणि माणसे त्यातले धागे. तिच्यातली एक कल्पना अस्सल आहे : एक असा अग्नी, जो माणसाचा धागा मागच्या काळापर्यंत जाळतो, म्हणजे त्याने थोड्या वेळापूर्वी केलेले कृत्यही घडलेच नाही असे होते. पूर्वीच्या महायुद्धात दोन्ही बाजूंनी हे अस्त्र टाकून दिले, कारण पटच विरू लागला. परंतु काही माणसांभोवती पट आपोआप वळतो ही सोय जॉर्डन फार वापरतो. नायकाला हवा तो माणूस हव्या त्या खानावळीत भेटला की पटाने घडवले म्हणायचे. नक्षीविद्येची कथा इथे सैल पडते. विणणारे कोणीच नसेल तर चूक कोणाची आणि कसब कोणाचे?

बोर्हेसची 1949 मधली एक छोटी कथा याच्या अगदी उलट आहे. स्पॅनिश आक्रमकांनी कोठडीत टाकलेला त्सिनाकान हा पुजारी शेजारच्या कोठडीतल्या जग्वारच्या अंगावरचे ठिपके वर्षानुवर्षे वाचत राहतो, कारण देवाने आपले वाक्य तिथे लिहून ठेवले आहे अशी त्याची खात्री असते. शेवटी त्याला ते वाचता येते. चौदा शब्द उच्चारले की तुरुंग कोसळेल, शत्रू मरतील, साम्राज्य परत येईल. तो ते उच्चारत नाही. ज्याने विश्वाचा आराखडा पाहिला त्याला त्सिनाकान नावाच्या माणसाच्या सुखदुःखाचे काही उरत नाही. तानाकी, कॉर्विन आणि त्सिनाकान, तिघेही नक्षीच्या मध्यापर्यंत जातात आणि तिथून निघताना पूर्वीचे राहत नाहीत. शब्दाची जादू करणारा जग बदलून स्वतः तसाच राहू शकतो. नक्षीविद्येत ते जमत नाही. करणाऱ्याला स्वतः तिच्यातून जावे लागते. या पुस्तकातल्या सगळ्या लेखांचे म्हणणे एवढेच आहे.

ही सारी कल्पित कथांची दुनिया. पण नक्षी काढल्याशिवाय घटना घडत नाही, असे मानणारे लोक महाराष्ट्रात आहेत. डहाणू, तलासरी, जव्हारकडे वारली लग्नघरात आतल्या भिंतीवर चौक लिहितात. भिंत सारवून गेरूने रंगवतात, तांदळाचे पीठ पाण्यात कालवतात, बांबूच्या काडीचे टोक चावून मऊ करतात आणि सवाशिणी लिहायला बसतात. चौकटीवर चौकट, प्रत्येकीची नक्षी वेगळी, आणि सगळ्यांच्या मध्ये पालघट देवी. दुसऱ्या चौकात पंचशिऱ्या देव. लग्न लावणारी धवलेरी गाणी म्हणते. चौक झाला नाही तर लग्न लागत नाही. 1970 च्या दशकापासून जिव्या सोमा म्हसे यांच्यासारख्या कलावंतांनी ही चित्रे कागदावर आणि कापडावर आणली, म्हसे यांना 2011 मध्ये पद्मश्री मिळाली, आणि वारली चित्र कुडत्यांवर, कपांवर, विमानतळांच्या भिंतींवर पोचले. त्या चित्रांचे कौतुक आहेच. पण कपावरच्या नाचणाऱ्या आकृतींना कोणाचे लग्न लावायचे नसते. चौकाला लावायचे असते. हा फरक विसरला की नक्षी शोभेची होते. आणि हेही नमूद केले पाहिजे की हा चौक सवाशिणींचा आहे, विधवेच्या हाताला तिथे मज्जाव आहे. अँबरच्या राजरक्तासारखीच ही अट. नक्षीविद्या जिथे जिथे आहे तिथे तिथे दाराशी कोणीतरी उभे आहे, हेही तिच्या अभ्यासातच येते.

मराठीत अद्भुताची परंपरा नाही असे नाही. नाथमाधवांच्या 'वीरधवल'पासून नारायण धारपांच्या भयकथांपर्यंत ती वाहत आली आहे. मंत्र, भुयारे, सिद्धपुरुष, दुष्टशक्ती यांची तिथे रेलचेल आहे. मागावर बसलेली, ठिपके जुळवणारी, चैत्रांगण काढताना शंख-चक्र-गदा-पद्माच्या ओळीत मुद्दाम एक अनोळखी चिन्ह घालणारी नायिका मात्र मला सापडली नाही. इचलकरंजी, सोलापूर, येवले, पैठण ही गावे ज्या भाषेत बोलतात, त्या भाषेत ती नसावी हे मला खटकते. कच्चा माल आपल्या घरात पडून आहे.

वाचकाला एक सुचवावेसे वाटते. या पुस्तकातले लेख वाचण्याआधी 'द स्पेलकोट्स' मिळवून वाचा. इंग्रजी सोपे आहे, बारा-तेरा वर्षांच्या मुलांनाही जमेल. मग झेलाझनीचे पहिले पाच भाग. जॉर्डनसाठी एक सबंध वर्ष हाताशी ठेवा, नाहीतर त्याच्या वाटेला जाऊ नका. आणि तुम्हांपैकी ज्यांनी आयुष्यात कधी माग चालवला असेल, जे लग्नचौकाशी बसले असतील किंवा आजीकडून रांगोळीचे ठिपके शिकले असतील, त्यांनी या विद्येची मराठी कादंबरी लिहावी. तशी ती लिहिली गेली, तर या पुस्तकाच्या पुढच्या आवृत्तीत पहिला लेख तिच्यावर असेल.